एकाच पासपोर्टातलं सासर

सिंगापूरला बुकित तिमाहच्या आमच्या कॉन्डोत शेजारच्या फ्लॅटमध्ये एक इंग्रज बाई राहायची. नवरा स्कॉटलंडचा, मुलगी सात वर्षांची. नवऱ्याची इथली नोकरी संपली, इथे राहायच्या पासची मुदत भरत आली, आणि ती संध्याकाळी माझ्याकडे चहाला येऊन उशिरापर्यंत बसू लागली. दोघांचं बिनसलंय हे भिंतीपलीकडून कळतच होतं.

“तो आम्हाला त्याच्या गावी न्यायचं म्हणतोय,” ती एकदा म्हणाली.

मला शहाणपण शिकवायची खोडच आहे. “मग त्यात काय? सासर-माहेर एकाच देशात, पासपोर्टही एकच. पुण्याची मुलगी नागपूरला दिल्यासारखं. रात्रभराची गाडी.”

ती हसली नाही. “सरकार एक आहे, देश दोन आहेत. तिथलं कोर्ट वेगळं, कायदा वेगळा, शाळेच्या परीक्षासुद्धा वेगळ्या. मुलगी तिथे रुजली आणि उद्या आमचं फाटलं, तर तिचा निवाडा तिथलं कोर्ट करणार. मला तिला घेऊन इंग्लंडला आईकडे जाता येणार नाही.”

ती सीमा मी नकाशावर कधी नीट पाहिलीही नव्हती. आपल्याला सगळे इंग्रजच. त्या दिवसापासून मात्र मला भीती वाटू लागली. नवरा लिफ्टमध्ये हसून बोलायचा. मुलीला तिकडची गाणी शिकवायचा, स्कॉटलंडच्या टीमची निळी जर्सी घालायचा. कुठलाही बाप हेच करेल, असं मी स्वतःला बजावायचे. पण बाईच्या आईचा फोटो खोक्यात गेला, मग आईने दिलेला टी-सेट गेला, आणि ती खोकी कुठे पाठवली हे विचारूनही तिला कळेना.

निघायच्या सकाळी मी तिची ओटी भरली. माहेराहून निघालेल्या बाईला आम्ही रिकामं पाठवत नाही, एवढंच सांगितलं. खण, तांदूळ, नारळाऐवजी सुपारी. पदर नव्हता, तिने टी-शर्टचं टोक पुढे केलं.

खाली टॅक्सी उभी होती. मी मुलीला विचारलं, “आता इंग्लंडच्या आजीकडे कधी जाणार?”

“नो लाह, आंटी. आम्ही आमच्या देशात चाललोय. डॅडी म्हणाले, मी आणि डॅडी तिथले. मम्मी पाहुणी.”

बाईने ते ऐकलं. टी-शर्टच्या टोकाची मूठ न सोडता ती मागे जाऊन बसली. दार नवऱ्याने बाहेरून लावलं.