देवकी आणि वंदना

बाबा गेले तेव्हा मी शाळेत होते. आईनं लोकांच्या वावरात निंदण करून मला शिकवलं. आमच्या घरातली पहिली ग्रॅज्युएट मी. हे ती एसटीतल्या अनोळखी बाईलाही सांगायची.

मागच्या हिवाळ्यात तिला चालताना दम लागू लागला. यवतमाळच्या दवाखान्यात इको, म्हणजे हृदयाची सोनोग्राफी, झाली. डॉक्टर म्हणाले, "मायट्रल स्टेनोसिस आहे." म्हणजे हृदयातली एक झडप आखडलेली. नळीतून फुगा घालून ती उघडता येते, पण उशीर करू नका म्हणाले. खर्च सरकारी योजनेतून होणार होता.

दवाखान्यातल्या योजनेच्या खिडकीवरचा माणूस स्क्रीन पाहून म्हणाला, "आधारवर देवकी, रेशनकार्डावर वंदना. ही बाई कोण?"

आई माहेरची देवकी. लग्नात बाबांनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं वंदना लिहिलं, तेव्हापासून वंदना. आधार मात्र शाळेच्या दाखल्यावरून निघालं होतं.

"दोन्ही आईच आहे. हे काय, समोर बसली."

"ताई, तुम्ही सांगून काय होते? सिस्टीमनं मानलं पाहिजे."

त्यानं आईकडे पाहिलंही नाही.

मग तहसील, दवाखाना, परत तहसील. व्हरांड्यातल्या बाकावर मी मांडीवर फाईल घेऊन बसायचे. डिग्री तिथं काही कामाची नव्हती. फोन करावा तर कोणाला, तेही सुचायचं नाही. इकडे आईचे पाय सुजत चालले होते.

ती म्हणाली, "मी दोघी आहो म्हणतात न? मंग एकीले घरी धाड, म्हशीले पाणी पाजून येईन."

मी हसले. तिनं भिंतीकडे तोंड केलं.

"मेली त कोणत्या नावानं मरू, माय?"

शेवटी साक्षीला कळंबहून मामा आले. तहसीलच्या साहेबांना म्हणाले, "तांदळावर नाव लिहिलं तवा ताट म्याच धरलं होतं, साहेब. तिले वाचता येत होतं. वाचून रडली होती."

साहेबांनी पहिल्यांदा मान वर केली. मग दोन्ही नावं एकाच बाईची, अशा प्रतिज्ञापत्रावर सही केली.

मंजुरी आली, झडप उघडली. रोज सकाळी "मावशी, कसं वाटते?" विचारणाऱ्या त्या डॉक्टरांना मी विसरणार नाही. आणि तुम्हाला सांगते, घरातल्या बायांची नावं आजार यायच्या आधीच जुळवून ठेवा.

आता आई न थांबता वावरापर्यंत चालते. तिच्या सगळ्या कागदांवर एकच नाव आहे, देवकी. कोणतं ठेवायचं, हे मी तिलाच विचारलं होतं.