पाहुण्यांसमोर वर बघणारी पोरगी

बायांनो, आज दुपारी आमच्या स्वातीला बघायला गेवराईकडचे पाहुणे आलते. त्याचं सांगते.

स्वाती माझी नात. अंबाजोगाईला नर्सिंग शिकती आणि मोबाईलवर जपानी कार्टून बघती. ॲनिमे म्हणत्यात त्याला. त्यातली एक बाई तिची लई लाडकी. केस बारीक कापलेले, गालावर वण, हातात तलवार. ती कुणाची बायको न्हाई आन् कुणी वाचवायला यावं म्हणून थांबत न्हाई. मीबी बघते. आपल्या सिरियलीतल्या बाया तर दागिने घालून नुसत्या रडत्यात.

स्वाती पोहे देताना तिची आई, माझी सून, कुजबुजली, "खाली बघ गं!"

स्वातीनं सरळ पोराकडं बघून विचारलं, "लग्नानंतर मला नोकरी करू द्याल का?"

पोराची आत्या म्हणली, "नजर लई धीट हाय पोरीची."

पाहुणे गेल्यावर सुनेनं स्वातीचा मोबाईल हिसकावला. "त्या जपानी बाईनं नासवली हिला!"

मी म्हणलं, "त्या बाईला कशाला बोलतीस? रानात आपली मेंढरं राखताना लांडगा दिसला तर नजर खाली घालू नको, हे तूच शिकवलंस ना पोरीला?"



संध्याकाळी निरोप आला, पोरगी नको. सून रडाय लागली. माझ्या डोक्यात मात्र येगळंच घोळतंय. स्वातीनं विचारल्यापासून ते पोरगं पोह्याच्या बशीतच बघत होतं. वर का बघत न्हाईस, असं त्याला कुणीच विचारलं न्हाई.

तुमी विचारलं असतं का?