गेटवरचे मोतीलाल नाना

मोतीलाल नानांनी उभा जन्म तमाशाच्या फडात काढला, पण तमाशा मात्र कधी धड पाहिला नाही. ते गेटवर. तिकीट घ्यायचं, माणूस आत सोडायचा आणि कनातीखालून घुसणाऱ्यांचे पाय धरून त्यांना बाहेर ओढायचं. वगात एका जागी ढोलकी थांबे, कुणी काही बोलत नसे आणि तरी आत हशाचा कल्लोळ उठे. का, ते कुणालाच धड सांगता येईना. ती रुखरुख नानांना कायमची लागून राहिली.

यंदा नानांच्या बायकोचं, द्रौपदाबाईंचं, खुब्याचं हाड मोडलं आणि त्यांची जत्रा हुकली. जळगावच्या घरात खाटेवर पडून बाईंनी एकच धोशा लावला, आपल्या फडाचा वग पाहायचा. शेजारच्या अभिमनने लगेच मोबाइल पुढे केला. जत्रेत कुणीतरी लपून केलेलं शूटिंग होतं, फुकटातलं.

"बंद कर!" नाना कडाडले. "हाई कनातखालनं घुसनं शे!"

"मी मरी जासू तव्हय दखाडशात का?" बाई रुसल्याच.

बायकोचं उतरलेलं तोंड काही नानांना पाहवेना. त्यांनी जुन्या सोबत्यांना फोन लावले. त्यांच्याकडून कळलं, की फडमालकाने मोबाइलवर स्वतःचं चॅनेल काढलं होतं आणि रविवारी वग थेट दाखवणार होता, रीतसर तिकीट लावून. नानांची छाती फुगली. अभिमनकडून त्यांनी लगेच तिकीट काढून घेतलं.

रविवारी अभिमनने मोबाइल टीव्हीला जोडला. ढोलकी कडाडली तशी बाई उशीला टेकून बसल्या. नाना मात्र उंबऱ्याबाहेर स्टुलावर, टीव्हीकडे पाठ करून. अभिमनलाही त्यांनी बाहेर काढलं.

"तठे का बठनात?" बाईंनी आतून विचारलं.

"तिकीट एकच शे."

बाई हसता हसता कळवळल्या आणि त्यांना आत बोलावू लागल्या. "अहो, एक तिकीटवर बठ्ठं घर दखस! मझार या!"

अभिमनने मोबाइलवरचा नियम वाचून दाखवला, तेव्हा कुठे नाना खाटेच्या कडेला अंग चोरून बसले.

ढोलकी थांबली. सोंगाड्या राजाला मुजरा करायला वाकला, तर पगडी पडली. ती उचलायला गेला, तर धोतर सुटलं. धोतर धरलं, तर पगडी राजाच्याच पायाखाली. शब्द एक नाही!

"हाई शे व्हय!" नाना ओरडले आणि खो खो हसत सुटले. हसता हसता कधी रडू लागले, त्यांचं त्यांनाच कळलं नाही. बाईंनी पदर पुढे केला.