हळदीतला संथ ठेका

केतन हा आर अँड बी संगीताचा प्रोड्यूसर आहे, असं माझ्या मुलीने, रसिकाने, पहिल्यांदा सांगितलं तेव्हा मी विचारलं, "म्हणजे पगार कोण देतं?" ती म्हणाली, "बाबा, प्लीज." रसिका बँकेत नोकरी करते आणि सुट्टीच्या दिवशी शांती नगरातून रिक्षाने पेणकरपाड्याला त्याच्याकडे गायला जाते. पहिल्या दिवशी मी सोबत गेलो. मुलगी तिशीला टेकली तरी बाप तो बापच.

स्टुडिओ म्हणजे घरामागची एक खोली. पंखा बंद, कारण त्याचा आवाज माइकमध्ये येतो, आणि घामाने निथळणारा केतन. एके काळी या आगरी घराची मिठागरं होती, आता खोल्यांचं भाडं येतं. पोराने कॉलेज अर्धवट सोडून मामाच्या डीजेवर वायरी जोडल्या, मग हळदीची धांगडधिंगा गाणी बनवली. ती गावोगाव वाजली. सुखाने तेच करावं की नाही? पण एका हॉलमध्ये स्पीकर तपासताना कुणाच्या तरी पेनड्राइव्हमधलं अमेरिकेतल्या काळ्या लोकांचं एक संथ आर अँड बी गाणं लागलं आणि हा तिथेच बिघडला.

"काका, यात गाणारा ठेक्याच्या जरा मागे रेंगाळतो," त्याने मला समजावलं. "घाईच नसते." रसिकाकडून त्याने एकच ओळ सकाळभर गाऊन घेतली. ठेका कोणता, बेसचा घुमता आवाज कुठे थांबवायचा, गाणारीचा श्वास ठेवायचा की कापायचा, सगळं तोच ठरवतो. मी कंटाळून वडापाव खाऊन आलो, तरी तीच ओळ! पण शेवटी जी ऐकली, ती माझ्याच मुलीची आहे यावर विश्वास बसेना. तेव्हापासून मी मनातून त्याच्या बाजूचा झालो. तोंडाने अर्थातच कुरकुरत राहिलो.

गाणी इंटरनेटवर गेली. ऐकणारे मोजकेच. मग एक दिवस त्याचे वडील, रघूशेठ, दारात येऊन उभे राहिले.

"बयनीच्या हलदीत तुजा गानं लाव. मानसं नाचली त खोली तुजी. न्हायतं मी भाडेकरू आनतो."

मला वाटलं, शहाणा असेल तर एखादं जुनं दणदणीत गाणं लावून खोली वाचवेल. पण शहाणपण आणि केतन यांची कधी गाठच पडलेली नाही. बहिणीच्या, भूमिकाच्या, हळदीला त्याने रसिकाचं संथ गाणंच लावलं. पोरं ओरडली, "केतन, निजवतस काय आमाला?"

मांडवात भूमिकाला हळद लागत होती. शेजारी मंजुळाआजी बसली होती. आगरी लग्नात विधी चालू असताना धवले नावाची पारंपरिक गाणी म्हणायची असतात, ती म्हणणारी ही आजी. पण डीजेपुढे तिचं ऐकू कुणाला येणार? हल्ली ती शकुनापुरते नुसते ओठ हलवायची. त्या दिवशी मात्र बेस मऊ, ठेका सावकाश, आणि आजीचा आवाज चक्क ऐकू आला.

केतनने मान वळवली. दुसऱ्याच क्षणी रसिकाचा आवाज गायब!

"अरे, माझ्या मुलीलाच कापलं याने!" मी उठलोच.

रसिकाने माझा शर्ट ओढला. "बाबा, बसा. ऐका जरा."

नुसता ठेका उरला होता. केतनने तो आणखी सैल केला, आजीच्या चालीने चालायला लावला. ती श्वास घेई तेव्हा बेस थांबे. मग उठून त्याने माइक तिच्यापुढे ठेवला. बायका एकेक करून आजीच्या मागे म्हणू लागल्या. पोरं नाचाचं गाणं मागत होती. एक बटण दाबलं असतं तर सगळा मांडव नाचला असता आणि खोलीही वाचली असती. त्याने दाबलं नाही. धवले संपेपर्यंत कुणीही नाचलं नाही. माझे डोळे भरून आले, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

लग्न पार पडल्यावर मी आणि रसिका खोली रिकामी करायला गेलो. नातेवाइकांच्या दोन घरांतून केतनला हळदीची बोलावणी आली होती, आजीसकट. पण हे त्याने वडिलांना सांगितलंच नव्हतं. हरलो तर हरलो, म्हणे. गाढव!

अंगणात रघूशेठसमोर मोबाइलच्या दुकानाचा मालक जितेश उभा होता. त्याला गोदामासाठी जागा हवी होती. "काका, रूम कब खाली होगा?"

रघूशेठनी खोलीकडे पाहिलं.

"नहीं होगा. उधर मेरा लडका काम करता है."

त्या खोलीत जे चालतं त्याला त्या घरात कुणी काम म्हटल्याचं मी प्रथमच ऐकलं. केतन स्पीकर छातीशी धरून तसाच उभा राहिला. जितेश गेल्यावर रघूशेठ त्याच्यावर खेकसले, "बगतस काय? मंजुलाआयला गानं रेकॉर्ड करायला कवा बोलवतस, ते सांग."