नानांच्या मागच्या गाड्या

नवल ड्रोनची पेटी उघडायला बसला की लग्नघरातला कोणीतरी हमखास विचारतो, "किती वर जातो हो हा?" नवल मान वर न करता सांगतो, "जातो तसा खूप. मी नेत नाही."

इथेच अर्धी गिऱ्हाइकं नाराज होतात. एवढे पैसे मोजून आणलेलं यंत्र ढगात जाणार नसेल तर उपयोग काय, असा लोकांचा सरळ हिशोब. जळगावच्या मेहरूण भागात त्याच्या स्टुडिओला लागून माझं स्टेशनरीचं दुकान आहे, त्यामुळे ही नाराजी मी रोज भिंतीपलीकडून ऐकतो. कायद्याने चारशे फुटांच्या वर न्यायचं नाही. विमानतळ जवळ असेल तर परवानगीशिवाय उडवायचंच नाही. लोकांच्या डोक्यावरून न्यायचं नाही, आणि यंत्र आपल्या डोळ्यांआड होऊ द्यायचं नाही. एवढं सगळं तो प्रत्येकाला शांतपणे सांगतो. गिऱ्हाईक तेवढ्याच शांतपणे पुढच्या गल्लीतल्या दुसऱ्या ड्रोनवाल्याकडे जातं. त्याच्याकडे नियम नसतात, फक्त दर असतो.

एका नवरदेवाच्या मामाला वरमाला ड्रोनला बांधून आकाशातून हवी होती. नवल म्हणाला, हाराचा दोरा पंख्यात गेला तर आधी हार तुटेल आणि मग नवरीचा चेहरा. मामा म्हणाले, शुभकार्यात असं बोलू नये. ते काम गेलं. मी त्याला म्हटलं, "अरे, जरा गोड बोलून नकार दिला असतास." तो म्हणाला, "गोड बोललो असतो तर त्यांनी हो म्हणायला लावलं असतं."

असा हा माणूस. बारीक चणीचा, उन्हाने रापलेला, कायम खिशात मऊ फडकं बाळगणारा. कोणत्याही ठिकाणी पोहोचला की आधी पेटी न उघडता सगळं आवार पायी फिरतो. वर बघत. विजेच्या तारा, मोबाईलचा टॉवर, पाण्याची टाकी, नारळाचं झाड, जे काही उंच असेल ते बघून घेतो. मंडपातल्या बायका त्याला हसतात, कारण वर बघत चालताना तो दरवेळी कशाला ना कशाला अडखळतो. हसण्यासारखंच असतं ते. मीही हसलेलो आहे.

नवलचं गाव पारोळ्याच्या अलीकडे. तिथे अखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, मरीमातेच्या बारागाड्या निघतात. खानदेशात ज्याने बारागाड्या पाहिल्या नाहीत असा माणूस शोधूनच काढावा लागेल, तरी सांगतो. बैल न जोडता बारा बैलगाड्या एकामागे एक बांधतात. त्यांवर माणसं चढतात, इतकी की लाकूड दिसेनासं होतं. मग कमरेला पट्टा बांधलेला भगत ती सगळी रांग एकटा ओढत देवळापर्यंत धावतो. दोन्ही बाजूंनी त्याला सावरायला दोन माणसं असतात, त्यांना बगले म्हणतात. गाड्या एकदा धावायला लागल्या की थांबवणं कोणाच्या हातात नसतं. भगत पडला तर गाड्या त्याच्यासाठी थांबत नाहीत.

नवलचे वडील झिपरू नाना हे त्या गावचे भगत. नवलने हा मान घेतला नाही. त्याचा पाय लहानपणीच मोडून वाकडा बसलेला, त्यामुळे त्याने घ्यावा असं कोणी म्हटलंही नाही. तरी भगताच्या पोराने गाड्या सोडून खेळण्याच्या विमानाच्या मागे लागावं, याचं गावाला वाईट वाटायचं, आणि ते वाईट वाटणं लोक त्याला दरवर्षी बोलून दाखवायचे. नाना मात्र कधी काही बोलले नाहीत. यंदा त्यांचेही गुडघे बोलायला लागले. पुढच्या वर्षीपासून पुतण्या किरण गाड्या ओढेल असं ठरलं. म्हणजे ही नानांची शेवटची अखाजी.

सणाच्या आधी नाना एकदा जळगावला स्टुडिओत आले. मीही तिथे होतो. चहा पिऊन झाल्यावर ते म्हणाले, "नवल, वढता वढता मना जनम गया. पन मना मांगे गाड्या कश्या येतस, ते मी कधी देखंच नही. तुन्हा त्या यंत्रमा माले एकदाव देखाडी दे."

भगताने धावताना मागे वळून पाहायचं नाही, असा गावचा दंडक आहे. देवळात पोहोचला की त्याला आत नेतात, आणि दिवे लागेपर्यंत तो बाहेर येत नाही. मोबाईलवर लोक काढतात त्या चित्रफितींत नुसती डोकी आणि आरडाओरडा. म्हणजे सगळ्या तालुक्याने पाहिलेल्या गाड्या एकट्या नानांनी पाहिलेल्या नव्हत्या. हे तोवर आमच्यापैकी कोणाच्या लक्षातच आलं नव्हतं. नवलच्या तर नाहीच.

"देखाडसू, नाना," तो म्हणाला. त्यानंतर महिनाभर त्याच्या डोक्यात दुसरं काही नव्हतं.

तो गावी जाऊन रस्ता पायी फिरून आला. गाड्या सुटतात ते माळावरचं मैदान, मध्ये शाळा, पुढे देऊळ, आणि रस्त्याला लागून कापूस निघालेली रिकामी शेतं. शेतांपलीकडे गावचा पाझर तलाव. त्याने ठरवलं की ड्रोन रस्त्यावर न्यायचाच नाही. शेतांवर ठेवायचा, कडेने, माणसांपासून लांब, फार उंच नाही, आणि नानांच्या थोडा पुढे राहून मागे तोंड करून चालवायचा. म्हणजे नाना दिसतील, आणि त्यांच्या मागून येणाऱ्या बाराच्या बारा गाड्याही. मला त्याने हे कागदावर काढून दाखवलं. मी म्हटलं, "लग्नात एवढं केलं असतंस तर आज बंगला बांधला असतास." तो हसला नाही.

अखाजीच्या दिवशी मी त्याच्याबरोबर गेलो. ऊन असं होतं की पत्र्याला हात लावायची सोय नव्हती. मैदानात मुंगीला जागा नव्हती. नवलने हेरून ठेवलेल्या रिकाम्या शेतांच्या बांधांवरही माणसं, आणि शाळेच्या ओट्यावर, पत्र्यांवर, झाडांवरही माणसंच. ड्रोन उडवायला चार हात मोकळी जमीन लागते, तेवढीही उरली नव्हती. जिथे तो चटई पसरायचा तिथे पोरं गोळा व्हायची. "भाऊ, पंख्याले हात लावू का?"

शेवटी त्याला एकच मोकळी जागा दिसली. बारावी गाडी. पूजा व्हायची होती, गाड्यांवर अजून कोणी चढलेलं नव्हतं. तो वाकड्या पायाने गाडीवर चढला, फळीवर चटई टाकली आणि तिथून ड्रोन उडवला. माणसांपासून लांब, उंचावर, एकदम सुरक्षित. मलाही ती युक्ती आवडली. ड्रोन वर गेल्यावर तो खाली उतरला आणि आम्ही गर्दीतून रेटत शाळेच्या ओट्यावर येऊन उभे राहिलो, कारण धावण्याचा सगळा रस्ता तिथूनच दिसतो.

मग सत्कार सुरू झाले. पाहुणे आलेले, त्यांना शाल हवी, श्रीफळ हवं, दोन शब्द बोलायला हवे. दोन शब्दांचे दोनशे झाले. नवल घामाने निथळत होता. ड्रोन खाली घ्यावा तर गाड्यांवर आता माणसं चढलेली, उतरवायला जागा नाही, वर ठेवावा तर बॅटरी संपते, आणि त्या उन्हात ती जरा लवकरच संपते. त्याने तो शेतांच्या वर स्थिर ठेवला आणि वाट पाहिली. मी मनातल्या मनात त्या पाहुण्यांना जे काही बोललो ते इथे लिहिता येणार नाही.

एकदाचा भंडारा उधळला. "मरीमाय की जय!" नाना निघाले. पहिली पाच-सात पावलं वाटलं, काही हलणार नाही. मग पहिली गाडी हलली, दुसरी, आणि सगळी रांग आवाज करत सुटली. शेजारचा एक जण ओरडत होता, "नवलभाऊ, जरा खाले आन ना! नानानं तोंड दिसाले पाहिजे!" नवलने ऐकलंच नाही. ठरवल्याप्रमाणे ड्रोन शेतांवरून कडेने चालला होता. रिमोटला लावलेल्या मोबाईलच्या पडद्यावर नाना दिसत होते, छाती पुढे, तोंड उघडं, आणि मागे गाड्यांची लांबलचक रांग, जमिनीतून निघाल्यासारखी. चित्र इतकं सुंदर होतं की माझ्या अंगावर काटा आला. नानांनी हे पाहिलं म्हणजे झालं, एवढंच माझ्या मनात होतं.

नाना देवळाच्या पायरीला लागले तेव्हा नवलच्या हातातला रिमोट वाजायला लागला. बॅटरी संपत आली होती. अशा वेळी ड्रोन कोणाला विचारत नाही, आपणहून घरी निघतो. घर म्हणजे जिथून उडाला ती जागा. तो वळला आणि मैदानाकडे निघाला. "जाऊ दे तिकडेच," नवल म्हणाला, "आपणच जाऊन घेऊ." आणि मग त्याचा चेहरा बदलला.

घर होतं बाराव्या गाडीच्या फळीवर. गाडी तर कधीच देवळाशी गेली होती. ड्रोनला गाडी माहीत नव्हती. त्याला फक्त जागा माहीत होती.

आणि त्या जागी आता बाया होत्या. त्या गावात गाड्या निघून गेल्या की लेकुरवाळ्या बाया चाकोरीत आपली तान्ही पोरं क्षणभर निजवतात, चाकाखालची माती त्यांच्या कपाळाला लावतात. वर्षभर पोर सुखरूप राहावं म्हणून. पडद्यावर ते स्पष्ट दिसत होतं. लाल-पिवळी लुगडी, चाकोरीच्या दोन रेघा, आणि रेघांमध्ये उताणी पडलेली लेकरं. ड्रोन त्यांच्या डोक्यावर येऊन हळूहळू खाली उतरायला लागला. एकही बाई वर बघत नव्हती. सगळ्या खाली बघत होत्या.

मी ओरडलो. त्या गोंगाटात माझा आवाज माझ्याच कानांपर्यंत पोहोचला असेल.

नवलने परतीचा हुकूम रद्द केला आणि ड्रोन बाजूला ओढला. तो आता वर जायला तयार नव्हता. बॅटरी मरायला टेकली की तो खालीच येतो, फक्त कडेला सरकवता येतो. आमच्याकडे आणावा तर ओट्यावर माणसं. शेतांत उतरवावा तर बांध सोडून आता आतही माणसं धावत होती. मोकळं एकच होतं. नवलने एकदा देवळाकडे पाहिलं आणि रिमोटच्या दांडीवर अंगठा दाबून धरला. पडद्यावर लुगडी सरकली, काळी माती सरकली, बाभळी सरकल्या, मग नुसतं तपकिरी पाणी आलं आणि पडदा काळा झाला.

पाझर तलाव उन्हाळ्यात आटतो, पण मधल्या डोहात पुरुषभर गाळ आहे. गावातली पोरं दुपारभर बुड्या मारत होती. काही सापडलं नाही; चित्रण साठवलेलं कार्डही ड्रोनबरोबर गेलं.

नवल ओट्याच्या कडेला बसून राहिला. मला त्याचा राग आला होता, आणि कीवही. आयुष्यभर दुसऱ्यांना नियम शिकवणारा माणूस, आणि ड्रोन उडवला तो सुटणाऱ्या गाडीवरून! लोकांपासून लांब राहायच्या नादात त्याच्या डोक्यात आलं नाही की गाडी निघून जाईल. मी तसं बोललोही. "हो," तो म्हणाला, "आलंच नाही डोक्यात."

ड्रोन उडत असताना मोबाईलच्या पडद्यावर जे दिसतं त्याची एक धूसर नक्कल मोबाईलमध्ये राहते. नवलच्या मोबाईलमध्ये जागाच नव्हती, त्यामुळे आधीचं पुसलं गेलं होतं आणि शेवटचा तुकडा तेवढा राहिला होता. त्यात गाड्या नव्हत्या. त्याने तो तीनदा तपासला, मीही तपासला.

दिवे लागल्यावर नाना देवळातून घरी आले. कमरेला पट्ट्याचे वळ होते. कोणी पाय शेकत होतं, कोणी पाणी देत होतं. नवल उंबऱ्याशी उभा होता, त्याला त्यांनी जवळ बोलावलं.

"काय व्हयनं? बठ्ठा लोके सांगतस, तुनं यंत्र पानीमा गयं."

"हां, नाना. गाड्यासनं काहीच नही उरनं."

मी नानांकडे पाहायचं टाळलं.

"मंग काय उरनं?"

"शेवटलं थोडं. परत येतानं."

"तेच देखाड."

नवलने मोबाईल त्यांच्या हातात दिला. नानांनी तो डोळ्यांजवळ धरला. चाकोरीच्या रेघा, वाकलेल्या बाया, मातीतली लेकरं, सगळं जवळ जवळ येत गेलं आणि मग झटक्यात बाजूला सरकलं. पाणी आलं, काळोख झाला. नानांनी मोबाईल खाली केला नाही.

"मना मांगे हाई व्हस?"

"दरसाल व्हस, नाना. तुम्ही देऊळमा ऱ्हातस."

"आनि तू ते यंत्र तठेन बाजूले काढी लिधं."

"हां."

नाना पुन्हा त्या काळ्या पडद्याकडे बघत राहिले. आत कोणीतरी जेवायला वाढलं होतं, हाका मारत होतं. नवल अपराध्यासारखा म्हणाला, "नाना, पुढला साले किरणन्या गाड्या येतीन ना, तवय तुम्हले..."

"गाड्या राहू दे," नाना म्हणाले. "हाई परत लाव."