मालूताईंची उलट पावलांची एक्झिट

गेल्या शनिवारी एका गावच्या उत्सवात नाटक बघायला गेले. आरे-वारेच्या समुद्राकाठच्या रस्त्याने पुढे जाऊन आत वळलं की लागतं ते गाव... गाडीत शेजारच्या सीटवर मालूताई होत्या, आणि मी वाटभर त्यांच्याशी भांडत होते.

मालूताई कोण, हे माझ्या वयाच्या लोकांना सांगायला नको. नव्या पोरांसाठी सांगते. एकेकाळी मुंबईत त्यांच्या नाटकाची जाहिरात आली की तिकिटासाठी ओळखी काढाव्या लागत. मग सिनेमे झाले, सिरियलमधली आजी झाली... आता ऐंशी ओलांडल्यावर भाट्याला भाचीकडे राहतात.

मुंबईत शिकत होते तेव्हा त्यांचं एकही नाटक मी सोडलं नाही. जागा कायम बाल्कनीत, खांबाआड. पण त्यांची एक्झिट तिथूनही दिसायची. प्रवेश संपला की त्या वळायच्या नाहीत. आमच्याकडे तोंड करून उलट्या पावलांनी जायच्या, आणि विंग त्यांना हळूहळू आत घ्यायची... आधी पाठ, मग खांदा, सगळ्यात शेवटी डोळे.

पेपरवाले त्याला 'शैली' म्हणायचे. मी बायकांच्या हक्कांवर भाषणं करते, त्यांत नेहमी सांगायचे, ही बाई समाजाला पाठ दाखवून पळत नाही, नजर देऊन जाते. टाळी ठरलेली.

भांडणाचं कारण असं की ते गाव त्यांचं माहेर. त्यांच्या लहानपणी उत्सवाच्या रंगमंचावर बाईने पाय ठेवायचा नाही, बायकांची कामं पुरुषच करणार. पोर मुंबईला गेली, मोठी झाली, तरी गावाने एकदा म्हणून काम करायला बोलावलं नाही. यंदा बोलावलं. का, तर सासूचं काम करणाऱ्या गावकऱ्याला मुंबईत रजा मिळाली नाही. आणि उत्सवातलं नाटक देवाला दाखवायचं, ते मोडून चालत नाही.

"बदली कामगार म्हणून बोलावलंय तुम्हाला," मी म्हटलं. "आधी माफी मागू दे त्यांना."

"ती तू भाषणात मागून घे. मला जरा वाक्यं घोकू दे," त्या म्हणाल्या.

उत्सवाची व्यवस्था बघणारे अण्णा म्हणजे त्यांचा भावकीतला भाचा. मला बघून म्हणाले, "मॅडम, तुमचं भाषण नाटकाच्या आधी ठेवलंय हां. मागाहून ठेवलं तर माणसं उठून जातात." मी बोलले, आणि कुणाला सोडलं नाही. पण सगळ्यात जोरात टाळ्या अण्णांनीच वाजवल्या, त्यामुळे माझा अर्धा जोर गेला...

मग मेकअप रूममध्ये डोकावले. मालूताई पावडर लावत होत्या. शेजारी सुनेचं काम करणारा प्रकाश निऱ्या बसवत होता. चांगला आडव्या अंगाचा, मुंबईत ऑफिसात काम करणारा माणूस. तेवढ्यात अण्णा आले.

"आत्या, गुडघा धरलाय तुमचा. एक्झिटला सरळ वळून जा. देव काय रागवायचा नाय."

"देव नाही रे रागवायचा. पण मला नाही वळता यायचं."

मला काही कळलं नाही. यात देव कुठून आला?

नाटक सुरू झालं आणि कळलं. रंगमंच बरोबर देवळाच्या दारासमोर. गाभाऱ्यातला दिवा सरळ दिसेल अशी मधली वाट खुर्च्या न मांडता मोकळी सोडलेली. आणि प्रवेश संपला की प्रत्येक नट उलटा चालत विंगेत जातो... दारुडा, इन्स्पेक्टर, सावकार, सगळे. इन्स्पेक्टर विंगेच्या बांबूला धडकला, कुणी हसलंसुद्धा नाही. देवाकडे पाठ करायची नाही, एवढाच नियम.

रंगमंचावर चढू न दिलेल्या त्या मुलीने बायकांच्या घोळक्यात बसून हे बघितलं होतं, आणि मग आयुष्यभर तेच केलं होतं. स्टुडिओत "वळून दाराकडे जा" म्हटलं की त्या अडायच्या, रीटेक व्हायचे... हा किस्सा त्या मुलाखतीत हसत सांगायच्या. का अडायच्या, ते कधी सांगितलं नाही.

मग त्यांचा प्रवेश आला. सुनेशी भांडून सासू घर सोडते. शेवटचं वाक्य झालं, त्या उलट निघाल्या... आणि मध्येच थांबल्या. गुडघा अडकला होता. आधाराला हाताशी काही नव्हतं. वळल्या असत्या तर विंग अगदी जवळ होती. त्या वळल्या नाहीत.

प्रकाशने खरं तर तोंडाला पदर लावून रडत उभं राहायचं होतं. तो पदर खोचून पुढे आला आणि त्यांचा दंड धरला. "चला सासूबाई, मी सोडते तुम्हाला. ऱ्हायलेलं भांडण उद्या करू."

हे नाटकात नव्हतं. लोक हसले. आणि ती दोघं, दिव्याकडे तोंड करून, एकेक पाऊल मागे... आधी पाठ, मग खांदा, सगळ्यात शेवटी डोळे. हसू मध्येच कधी थांबलं ते कळलं नाही.

परतताना गाडीत विचारलं, "इतकी वर्षं कुणाला सांगितलं का नाहीत?"

"विचारलं कुणी गो? मी असं का करते ते सगळे मलाच सांगत होते. तू तर दर भाषणात."

माझं मत बदललेलं नाही. बाईला तिथे उभं राहू दिलं नाही हे चूकच होतं, आणि पुढच्या वर्षी त्याच रंगमंचावरून पुन्हा सांगणार आहे. नाटकाच्या आधी, अर्थात.

पण बाल्कनीतल्या खांबाआडून मी इतकी वर्षं समजत होते की त्या आमच्याकडे बघत जातात. त्या आमच्या डोक्यावरून एका दिव्याकडे बघत होत्या... शनिवारी तो खरोखर समोर होता.