इंजिन गप झालं, काकू ऐकू आल्या

इअरबडवाल्या दोस्तहो, रबर कानात गच्च बसवलं की नॉइज कॅन्सलेशन गाडीची घरघर खाऊन टाकते, पण माणसाचं बोलणं उलट साफ ऐकू येते. हे मले आज कळलं.

चिखलीहून साखरखेर्ड्याले जीपमध्ये येत होतो. इअरबड कानात होते, पण गाणं बंद होतं. माझी सोयरीक जुळवून राह्यलेल्या काकू मागच्या सीटवर आपल्या बहिणीले म्हणल्या, "पोरीवाल्यानं नाही म्हटलं. याच्या मायले कसं सांगू वं?"

मान वळवायची हिंमतच झाली नाही.

उतरताना काकू हसल्या. "गाणे ऐकून राह्यला का रे?"

"हाव," म्हटलं.

घरी माय दारातच उभी. "काकू होत्या ना जीपमध्ये? काही म्हणल्या का?"

इअरबड अजून कानातच आहेत. ऐकू न आल्यासारखा तिच्यापुढं उभा राहून हे लिहून राह्यलो. काय सांगू तिले?